बी संपले, रान उरले : पेरणी यंत्र लावताना या चुका टाळा

जूनमध्ये वापसा (पेरणीजोगी ओल) आला की ट्रॅक्टरवाल्याला दम नसतो आणि मालकालाही. यंत्र जोडायचे, पेटीत सोयाबीन ओतायचे, खटका (बी किती पडावे ते ठरवणारा दांडा) ‘मागच्या वेळच्या’ आकड्यावर ओढायचा आणि निघायचे. पेरा बिघडतो तो बहुतेक इथेच.

खटक्यावरच्या आकड्याला किलो समजणे

तो आकडा एवढेच सांगतो की पेटीतले बी खाली सोडणारा खाचेचा रोलर बियाकडे किती उघडा आहे. दाणा बारीक की टपोरा, रोलर नवा की झिजलेला, हे त्याला ठाऊक नसते.

भाड्याच्या यंत्राचा नेहमीचा घोळ पाहा. चार एकर रान, तीस-तीस किलोच्या चार पिशव्या, खटका आदल्या शेतात होता तिथेच. तिसरा एकर संपताना पेटीचा तळ दिसतो. म्हणजे एकरी 40 किलो पडले. मग पळापळ. चौथ्या एकरात घरचे, उगवण न तपासलेले बी, आणि खटका अंदाजाने मागे. ऑगस्टमध्ये तीन एकर दाट, उंच वाढून लोळलेले. चौथ्यात नांग्याच नांग्या, म्हणजे न उगवलेल्या मोकळ्या जागा. दोष मात्र बियाणाच्या कंपनीला.

तिफणीच्या चाड्यावर (बी सोडायच्या वाटीवर) मूठ धरणाऱ्या बाईच्या बोटांना दाणा कळायचा. रोलरला कळत नाही, म्हणून मोजावे लागते.

हेक्टरचे सूत्र बाजूला ठेवा, गुंठ्याने मोजा. एकरी 30 किलो म्हणजे गुंठ्याला 750 ग्रॅम. पाच फण, दोन फणांत 45 सेंमी, म्हणजे पट्टा 2.25 मीटरचा, एक गुंठा पेरायला यंत्र 45 मीटर चालते. यंत्र उचलून खाली लाकडी ठोकळे द्या आणि ट्रॅक्टर बंद करा. नुसत्या हायड्रॉलिकच्या भरवशावर खाली हात घालू नका. यंत्राच्या, रोलर फिरवणाऱ्या चाकाला चुन्याची खूण करा, प्रत्येक नळीला पिशवी बांधा. पाच-सहा फेरे फिरवून रोलर भरू द्या, ते बी पुन्हा पेटीत टाका. मग 45 मीटरांना चाकाचे जितके फेरे लागतात तितके (हिशेब पुढे आहे) सावकाश, एका लयीत फिरवा आणि प्रत्येक पिशवी स्वतंत्र तोला. प्रत्येकीत 150 ग्रॅमच्या आसपास हवे. एकीत 120 आणि दुसरीत 180 निघाले तर बेरीज बरोबर येते, पेरा चुकतो. खटका हलवला की पुन्हा मोजायचे, तेही किमान दोनदा. एकदाच मोजून ‘जमले’ म्हणणाऱ्याने मोजलेच नाही असे समजा.

चाकाचा घेर अंगणात मोजणे

फेरे किती, हे चाकावर ठरते. 50 सेंमी व्यासाचे चाक फरशीवर दहा फेऱ्यांत 15.7 मीटर जाते. भुसभुशीत रानात तेच चाक अधूनमधून न फिरता घसटते आणि दहा फेऱ्यांत, समजा, 17 मीटर जाते. फरशीच्या हिशेबाने 45 मीटरला साधारण 28.7 फेरे, रानाच्या हिशेबाने 26.5. अंगणात 750 ग्रॅमवर लावलेले यंत्र शेतात गुंठ्याला 690 च्या आसपासच टाकेल, म्हणजे एकरी सव्वादोन किलोचा फटका. म्हणून पेटी अर्धी भरून, ज्या रानात पेरायचे तिथेच दहा फेरे चालवा आणि टेपने मोजा.

कोरड्या बियावर मोजून ओले बी पेरणे

बुरशीनाशक, मग रायझोबियम (नत्र मिळवून देणारे जिवाणू) लावलेले बी चिकटते आणि कमी पडते. आधी प्रक्रिया, मग सावलीत सुकवणे, मग मोजणी. हा क्रम उलटा केला की सगळी मेहनत वाया.

मोजताना पिशवीतले दाणेही बघा. डाळ झालेले दिसले तर रोलरखालची झडप सैल करा. सोयाबीनचे टरफल नाजूक. फुटका दाणा तोलात भरतो, उगवत नाही.

बाकीच्या, थोडक्यात

बी आणि खत एकाच पेटीत मिसळू नका. खताची पेटी वेगळी असते ती कशासाठी?

डीएपी खतावर लावलेला खटका 10:26:26 या खताला चालत नाही. खत बदलले की पुन्हा तोला. एकरी एक 50 किलोची पिशवी म्हणजे गुंठ्याला सव्वा किलो.

पावसाळी हवेत खताचे गठ्ठे होतात. पेटीत ओतण्याआधी हाताने फोडा आणि संध्याकाळी पेटी रिकामी करून पुसा, नाहीतर रोलर गंजून पुढच्या वर्षी मोजणीच लागणार नाही.

‘रोलर चाकावर फिरतो, मग गिअर कोणताही चालतो’ असे चालक सांगतात. वेग वाढला की चाक उड्या मारते, खोलीही 3-4 सेंमीवर टिकत नाही.

मागे माणूस चालत नसेल तर चिखलाने बुजलेली नळी उगवणीनंतरच कळते.

पहिली दोन तासे (पेरणीच्या ओळी) झाली की थांबा आणि एक मीटर तास हलक्या हाताने उकरा. शंभर दाण्यांचे वजन 12 ग्रॅम असेल तर एकरी 30 किलोला मीटरमध्ये 27-28 दाणे सापडायला हवेत; 70 टक्के उगवण धरली तर वीसेक रोपे उभी राहतात. पंधराच दाणे सापडले तर ट्रॅक्टर तिथेच उभा करा. चालक कुरकुरला तरी.