पॉक्सोच्या खटल्यात मुलीचं वय कसं सिद्ध करावं

पॉक्सो म्हणजे मुलांवरील लैंगिक गुन्ह्यांचा कायदा. इंदूरच्या जिल्हा न्यायालयात मुलीची तक्रार घेऊन येणारे आई-वडील पिशवीतून आधी आधार कार्ड काढतात, मग समग्र आयडी, म्हणजे मध्य प्रदेश सरकारचा ओळख क्रमांक. ‘आधार आहे ना, मग झालं,’ असं त्यांना कुणीतरी सांगितलेलं असतं. ते साफ चूक आहे. आधारवरची तारीख हा जन्मतारखेचा पुरावा नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये एका अपघात-भरपाईच्या प्रकरणात म्हटलं आहे. घटनेच्या दिवशी मुलगी १८ वर्षांखालची होती हे ठरलं नाही, तर पॉक्सोचा पायाच जातो आणि सगळा खटला संमतीच्या वादावर येतो.

कागदांचा क्रम बाल न्याय अधिनियम, २०१५ च्या कलम ९४ मध्ये आहे. आधी शाळेचं जन्मतारखेचं प्रमाणपत्र किंवा दहावीचं बोर्डाचं प्रमाणपत्र. ते नसेल तर नगर निगम किंवा पंचायतीचा जन्मदाखला. दोन्ही नसतील तरच वैद्यकीय तपासणी. हा क्रम अल्पवयीन आरोपीपुरता नसून पीडितेलाही लागू आहे, हे सर्वोच्च न्यायालयाच्या जरनैल सिंह प्रकरणापासून (२०१३) ठरलेलं आहे.

दहावीची मूळ अंकसूची (गुणपत्रिका) असेल तर ती तपास अधिकाऱ्याला द्या आणि पोच घ्या. निगमच्या दाखल्यावर नोंदणीची तारीख बघा. जन्मानंतर लगेच नोंद झाली असेल तर उत्तम. एफआयआरनंतर काढलेल्या दाखल्यावर बचाव पक्ष तुटून पडतो.

खरी कसोटी लागते ती मुलगी दहावीपर्यंत पोचलेली नसेल आणि सगळी भिस्त शाळेवर असेल तेव्हा. मला स्वतःला सुरुवातीच्या काळात याच टप्प्याने सर्वात जास्त छळलं. लोक टीसी, म्हणजे शाळा सोडल्याचा दाखला, आणून देतात. टीसी पुरत नाही. पी. युवाप्रकाश प्रकरणात (२०२३) सर्वोच्च न्यायालयाने टीसीला कलम ९४ चा कागद मानलं नाही. तुम्हाला हवी ती मुलगी पहिल्यांदा जिथे दाखल झाली त्या शाळेची दाखिल-खारिज पंजी, म्हणजे प्रवेशाची नोंदवही. आताच्या कलमात ‘पहिली शाळा’ असे शब्द नाहीत, बाल न्यायाच्या २००७ च्या नियमांत होते. तरीही मी पहिल्या शाळेचाच आग्रह धरतो, कारण नंतरच्या शाळा आधीच्या कागदावरून तारीख उतरवून घेतात.

नुसती पंजी आणूनही भागत नाही. ती तारीख कशावरून लिहिली, हे विचारलं जातंच. बिरद मल सिंघवी प्रकरणापासून (१९८८) हा मुद्दा पक्का आहे. साक्षीला आलेले प्राचार्य नवे असतात आणि उलटतपासणीत सांगतात, ‘नोंद माझ्या अक्षरातली नाही, आधार काय होता मला माहीत नाही.’ तिथे केस ढिली पडते. म्हणून प्रवेशाचा मूळ अर्ज, त्यावरची पालकाची सही आणि सोबत जोडलेला जन्मदाखला किंवा शपथपत्र शोधायला लावा. जुने गठ्ठे शाळेच्या कपाटावर धूळ खात असतात. ‘सापडत नाही’ हे पहिलं उत्तर मान्य करू नका. तारीख १ जुलै असेल तर हे दुप्पट महत्त्वाचं. शाळा सुरू होण्याचा दिवस अंदाजाने लिहिला, असा आरोप हमखास होतो.

आता आई-वडिलांची साक्ष. बचावाचा वकील जन्मतारीख सरळ विचारत नाही. लग्न कधी झालं, पहिलं मूल किती वर्षांनी, दोन मुलांत अंतर किती, असं विचारत बेरीज करतो आणि मुलगी एकोणीस वर्षांची ठरवतो. वडील घाबरून ‘शाळेत अंदाजे लिहवली होती’ म्हणाले की पंजी निकामी. पढवलेलं उत्तर देऊ नका, ते दुसऱ्या प्रश्नाला उघडं पडतं. त्याऐवजी घरी बसून सगळ्या मुलांचे दाखले, लग्नाचं वर्ष, प्रसूतीचं कार्ड, लसीकरणाचं कार्ड समोर ठेवून खरं काय ते आधी आठवा. आठवत नसेल तर साक्षीत ‘आठवत नाही’ म्हणा.

वैद्यकीय तपासणीची घाई करणाऱ्यांचं ऐकू नका. हाडांच्या एक्स-रेवरून वय अंदाजेच कळतं; दोन्हीकडे दोन वर्षांचा फरक धरला जातो आणि संशयाचा फायदा बहुधा आरोपीला जातो.

साक्षीआधी सरकारी वकिलांना भेटून प्राचार्यांच्या समन्समध्ये ‘मूळ पंजी व प्रवेश अर्जासह’ असं लिहवून घ्या. त्या दिवशी मूळ पंजी न्यायाधीशांसमोर उघडली जाते, ताळा होतो, प्रत प्रदर्श (न्यायालयात दाखल झालेला पुरावा) म्हणून लागते आणि पंजी शाळेला परत जाते. प्राचार्य फक्त झेरॉक्स घेऊन आले, तर त्याच वेळी सरकारी वकिलांना पुढची तारीख मागायला सांगा.