विहीर, शेततळं किंवा पाया खोदताना हाडं लागली तर काय करायचं

वाळवा, पलूस, कराड पट्ट्यात जेसीबी लावला की कधीतरी हाडं निघतातच. बहुतेकदा बैलाची नायतर म्हशीची असतात, पण माणसाची असू शकतात, त्यामुळं आधी मशीन बंद करायचं, आणि हाड उचलायचं नाही, धुवायचं तर अजिबातच नाही. होतं काय, गडी सगळी हाडं पोत्यात भरून ठेवतात आणि मग पोलिसांना फोन करतात, तोवर अर्धी माहिती गेलेली असते. हाड नुसतं बघून जेवढं कळतं त्याच्यापेक्षा ते किती खोल होतं, डोकं कुठल्या दिशेला होतं, आजूबाजूची माती कशी होती यावरून जास्त कळतं.

माती नीट बघा. कुणी खड्डा घेऊन बुजवला असेल तर खालचा मुरूम आणि वरची काळी माती एकमेकांत मिसळते आणि ती कड लई वर्षांनी पण वेगळी दिसते. पण आपली काळी माती उन्हाळ्यात भेगाळते, बटण, काच, प्लॅस्टिक त्या भेगेतून खाली जातं, म्हणून हाडाशेजारी गुटख्याची पुडी सापडली म्हणजे हाडं नवीनच असं धरून चालू नका.

पोलीस पाटलांना सांगा किंवा सरळ ११२ लावा. तोवर आधी लांबून आणि मग जवळून, शेजारी टेप ठेवून फोटो काढा. बकेटनं आधीच काढलेल्या मातीचा ढीग वेगळा ठेवा, त्यात दात, बोटांची बारकी हाडं असतात, ती नंतर चाळून मिळतात. उन्हानं हाडं तडकतात, तर काठ्या रोवून वर ताडपत्रीची सावली करा, हाडांवर टाकू नका. कुत्री हाकला. आणि फोटो गावच्या ग्रुपवर टाकू नका प्लीज, कुणाच्या तरी घरचं माणूस हरवलेलं असतं.

माणसाचं का जनावराचं हे आपण ठरवायचं नाही. मोठ्या माणसात २०६ हाडं असतात, लहान बाळात त्याहून जास्त, कारण टोकं अजून जुळलेली नसतात, आणि अशी सुटी बारकी हाडं शेळीची वाटू शकतात. फॉरेन्सिकचे डॉक्टर कमरेच्या हाडावरून बाई का पुरुष सांगतात, मांडीच्या हाडावरून उंचीचा अंदाज काढतात, गळपट्टीच्या हाडाचं छातीकडचं टोक तिशीच्या आसपास पूर्ण जुळतं त्यावरून वय.

लगेच खून समजून घाबरायचं पण कारण नाही. आपल्याकडं लिंगायत समाजात बसवून पुरतात, लहान बाळांना तर बऱ्याच समाजात पुरतात, जुनी जागा विसरली जाते आणि तिथं शेत होतं. पुणे जिल्ह्यात इनामगावला तर तीन हजार वर्षांपूर्वीच्या घरांच्या जमिनीखाली मडक्यांत पुरलेली लेकरं मिळाली होती. फार जुनं वाटलं तर पुरातत्त्वची माणसं लागतात, पण तो निर्णय पोलीस आणि डॉक्टर आल्यावर होऊ दे.

पंचनाम्यावर सही करताना खोली आणि जागा बरोबर लिहिलीय का वाचून घ्या, आणि काम परत कधी सुरू करायचं ते विचारून घ्या.