चोरचंद्र: कल्पित जगात न दिसणारा गोल कसा बसवावा

कल्पित जगाच्या आकाशात काही गूढ टांगायचं म्हटलं की बहुतेक लिहिणारे परातीएवढा दुसरा चंद्र काढून मोकळे होतात. घोटाळा तिथेच होतो. घनता सारखी धरली, तर भरती ओढायची ताकद गोल जेवढा मोठा दिसतो त्याच्या घनाने वाढते. चौपट मोठा दिसणारा चंद्र ६४ पट भरती आणणार. जिथे आपला चंद्र पाणी मीटरभर चढवतो, तिथे ६४ मीटर. रत्नागिरीचा भाट्याचा पूल, जेटी, माडाच्या बागा, सगळं दिवसातून दोनदा पाण्याखाली. मग कोळीवाडा वसवणार कुठे?

त्यापेक्षा गोल दिसूच देऊ नका, तो पाण्यातून कळू द्या. त्यासाठी कोकणासारखा किनारा घ्यावा. इथे पाण्याची वेळ चुकली की पहिल्यांदा माणसाचं पोट चुकतं, आकाशाकडे तो नंतर बघतो. सूर्य, पृथ्वी आणि नेहमीचा चंद्र आहेत तसेच ठेवा आणि त्यात हा एक चोर घाला.

आधी अंतर ठरवा. आपल्या चंद्राच्या निम्मं, म्हणजे सुमारे १,९२,००० किलोमीटर. अंतर निम्मं झालं की फेरीचा काळ २.८३ पटीने कमी होतो, २७.३ दिवसांचे ९.६६ दिवस झाले. मग वजन. भरतीचा जोर म्हणजे वजन भागिले अंतराचा घन. चंद्राच्या चोविसाव्या हिश्शाएवढं वजन दिलं, तर निम्म्या अंतरामुळे ते आठपट जोर धरतं आणि चंद्राच्या एक तृतीयांश भरती आणतं. याहून जास्त देऊ नका, नाहीतर चोर लपून राहत नाही.

आता आकार. व्यास १७५ किलोमीटर धरा. चंद्राच्या बिंबाच्या दहाव्या हिश्शाएवढा ठिपका होईल. एवढ्याशा गोळ्यात एवढं वजन मावायचं तर तो चंद्राच्या तीनशेहून जास्त पट घट्ट हवा, आणि असा दगड किंवा धातू नाही. जादू खर्च करायची ती इथेच. शिवाय नुसता काळा रंग पुरत नाही. आपला चंद्रसुद्धा अंगावर पडलेल्या प्रकाशाचा जेमतेम १२ टक्के परत पाठवतो, डांबरी रस्त्याच्या जवळपास, तरी त्याचं चांदणं पडतं. म्हणून चोराने प्रकाश गिळायलाच हवा. घट्टपणा आणि गिळणं यांचं कारण एकच ठेवा. दोन वेगळ्या जादू घेतल्या की वाचक तिसरी मागतो.

पाण्याचं गणित मात्र प्रामाणिक हवं. किनाऱ्यावरचा जुना ठोकताळा घ्या: तिथीला पाऊणपट केलं की भरतीची वेळ. अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा-बारा. चंद्राची भरती रोज साधारण ५० मिनिटं, म्हणजे दोन घटिका उशिरा येते. चोराची रोज २ तास ४१ मिनिटं मागे पडते, पावणेसात घटिका. त्यामुळे साडेसात दिवसांनी दोन्ही भरत्या एकमेकींवर चढतात आणि मधल्या काळात एकमेकींना खातात. उधाणाच्या, म्हणजे अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीच्या दिवसांत ठोकताळा अर्ध्या तासाच्या आतच चुकतो. भांगाला, म्हणजे अष्टमीच्या सुमाराच्या छोट्या भरतीला मात्र मूळ जोरच कमी, त्यामुळे सव्वा तासापर्यंत. म्हणजे पहिला संशय भांगाच्या दिवसांत यायला हवा. आमच्या पाहण्यातले बरेच जण तो उधाणाला आणतात. दिसायला नाट्यमय, पण गणिताला धरून नाही.

चंद्राचा वाटा १ मीटर धरला तर सूर्याचा साधारण ०.४६ आणि चोराचा ०.३३. साधं उधाण सरासरी पातळीच्या वर १.४६ मीटर जातं. तिघे एका रेषेत आले की १.७९, हे महाउधाण. अशी गाठ सुमारे ६२१ दिवसांनी पडते, म्हणजे २१ चांद्रमासांनी. तिच्यानंतर साडेदहा महिन्यांनी उलटी वेळ येते: भांगाला चोर सूर्याच्या बाजूने उभा राहतो आणि पाणी जेमतेम २१ सेंटिमीटर वर, तेवढंच खाली. याला ‘मेलेलं पाणी’ म्हणा. लेखक महाउधाणाच्या मागे धावतात, पण खरी गोष्ट या मेलेल्या पाण्यात आहे.

खाजणातली उघाडी जवळून बघा. खारबांधात बसवलेलं लाकडी दार. ओहोटीला आतल्या पाण्याच्या रेट्याने बाहेर उघडतं, भरतीला समुद्राच्या रेट्याने मिटतं. कोणी हात लावायचा नाही. मेलेल्या पाण्यात बाहेरची पातळी उतरतच नाही, दार फटीएवढं हलतं आणि थांबतं. आत पावसाचं पाणी तुंबून भाताचे आवे (रोपं) सडतात. खडक उघडे पडत नाहीत, तेव्हा कालवं नाहीत. पुळण उघडी पडत नाही, तेव्हा तिसऱ्या (शिंपल्या) नाहीत. वादळ नाही, लाट नाही, आणि तरी चुलीवर काही नाही. महाउधाणाला याच्या उलट, बांधाला खांड पडून खारं पाणी शेतात. आषाढात आलेलं महाउधाण पुन्हा पावसाळ्यात सापडायला पाच वर्षं लागतात. तेवढ्यात बांधाची डागडुजी विसरायला गावाला भरपूर वेळ मिळतो.

दर्शन क्वचितच द्या. एखादी चांदणी दोन-तीन मिनिटं विझते आणि परत लागते. पूर्ण चंद्रावरून काळा मणी अर्धा-पाऊण तास सरकतो. सर्वांत चांगली जागा मावळता सूर्य: समुद्रावर टेकलेल्या लाल बिंबाला तीट लावल्यासारखा ठिपका. २०१२ साली सूर्यावरून गेलेल्या शुक्राच्या ठिपक्याहून हा तिप्पट रुंद. दर फेरीला हे घडू नये म्हणून कक्षा चार-पाच अंश कलती ठेवा. मृगापासून श्रावणापर्यंत तर आभाळच नाही. ते महिने चोर फक्त पाण्यातच.

नाव देताना राहू-केतूचा मोह टाळा. ते गोल नव्हेत, चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला छेदते ते बिंदू आहेत, आणि वाचक लगेच ग्रहणाची वाट बघू लागतो. ज्याला जे दिसतं त्यावरून त्याने नाव द्यावं: पंचांगवाल्याने एक, पाण्यात उतरणाऱ्याने दुसरं. आणि खगोलाचं व्याख्यान कुणाच्याही तोंडी घालू नका. रापण ओढायला निघालेल्या पोराला म्हाताऱ्याने पाण्याकडे बघून एवढंच म्हणावं, “थांब रे, आज चोराचा पाणी हा.”