निन्टेन्डो स्विचवर खेळताना स्क्रीनशॉट कसे घ्यावेत

निन्टेन्डो स्विच हे गेम खेळण्याचे यंत्र हातात धरल्यावर डाव्या जॉय-कॉनच्या, म्हणजे पडद्याच्या डाव्या बाजूला जोडलेल्या बटणांच्या पट्टीच्या, खालच्या भागात, बाणांच्या चार बटणांखाली, एक लहानसे चौकोनी बटण दिसते व त्याच्यावर वर्तुळ कोरलेले असते. हेच कॅप्चर बटण होय. स्विच लाइट या छोट्या मॉडेलवरही ते जवळपास त्याच जागी आहे. एकदा हलकेच दाबून सोडले की कॅमेऱ्यासारखा आवाज होतो, पडद्याच्या डाव्या वरच्या कोपऱ्यात छोटी सूचना चमकून जाते आणि त्या क्षणाचे चित्र साठवले जाते. ती सूचना चित्रात उमटत नाही, त्यामुळे तिची काळजी करू नये. निन्टेन्डोने हे यंत्र भारतात अधिकृतपणे विक्रीस आणलेले नाही आणि त्याच्या मेनूत मराठी किंवा हिंदी नाही. म्हणून पुढे मेनूंची नावे पडद्यावर इंग्रजीत दिसतात तशीच, देवनागरीत लिहून दिली आहेत.

बटण दाबणे सोपे आहे, पण ते बसवलेली जागा अडचणीची आहे. खेळातील पात्र ज्या दांडीने (स्टिकने) चालते ती दांडी आणि कॅप्चर बटण, दोन्ही डाव्याच अंगठ्याच्या वाट्याला येतात. धावत्या घोड्याचे चित्र घ्यावे म्हणून अंगठा खाली आणला की दांडी सुटते, वेग ओसरतो आणि चित्रात बहुधा नुकताच थबकलेला घोडा मिळतो. माझ्या पहिल्या महिन्यातील चित्रांत असे थबकलेले घोडे पुष्कळ आहेत. यावर पहिला उपाय म्हणजे अंगठा सुटला तरी गती टिकेल असा क्षण निवडणे: उडी मारल्यानंतर हवेत असताना, उतारावरून घसरताना किंवा छत्रीने तरंगताना. दुसरा उपाय पकड बदलण्याचा आहे. यंत्र मांडीवर किंवा टेबलावर टेकवावे, दांडी डाव्या हाताच्या तर्जनीने पुढे रेटून धरावी आणि अंगठा बटणावर मोकळा ठेवावा. ही पकड सुरुवातीला विचित्र वाटते, परंतु पाच-दहा मिनिटांत सवयीची होते. तिसरा उपाय प्रो कंट्रोलर, म्हणजे दोन्ही हातांत धरायचा वेगळा नियंत्रक, जोडण्याचा. त्यावर कॅप्चर बटण मधोमध असते, त्यामुळे उजवा अंगठा क्षणभर तिकडे नेता येतो व डावा दांडीवरच राहतो.

या तिन्हींपेक्षा अधिक भरवशाची गोष्ट म्हणजे तेच बटण दाबून धरणे. साधारण सेकंदभर धरले की यंत्र नुकत्याच होऊन गेलेल्या ३० सेकंदांपर्यंतचा व्हिडिओ साठवते. येथे महत्त्व 'होऊन गेलेल्या' या शब्दांना आहे. शत्रूवर शेवटचा घाव बसला, तो कोसळला, आपण सुटकेचा श्वास सोडला आणि मग बटण धरले, तरी घाव हातात येतो. स्विच ३ मार्च २०१७ रोजी बाजारात आले तेव्हा ही सोय नव्हती. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये आलेल्या ४.०.० या सिस्टम अपडेटपासून ती मिळू लागली. व्हिडिओ ७२० पी (उंचीला ७२० बिंदू) आणि सेकंदाला ३० चौकटी (फ्रेम) या प्रमाणात असतो. तो संगणकावर नेऊन व्हीएलसी या मोफत प्रोग्रॅममध्ये उघडला, जागा सापडताच थांबवला आणि 'ई' ही कळ दाबत गेले की एकेक चौकट पुढे सरकते. हवी ती चौकट आली की विंडोजवर शिफ्ट आणि 'एस' एकत्र दाबल्याने तिचे चित्र साठवले जाते. वेगाने हलणाऱ्या वस्तूंभोवती अशा चित्रात थोडी फुटलेली कड दिसते, म्हणून स्थिर दृश्यांसाठी थेट स्क्रीनशॉट आणि धावपळीसाठी व्हिडिओ असा भेद मी पाळतो. मात्र प्रत्येक खेळ व्हिडिओची परवानगी देतोच असे नाही आणि काही खेळ ठरावीक प्रसंगी स्क्रीनशॉटही रोखतात. अशा वेळी मनाईची छोटी खूण पडद्यावर दिसते. तो बटणाचा दोष नव्हे.

चांगल्या चित्राची तयारी बटणाला हात लावण्याआधीच करावी लागते, आणि तिचा पहिला भाग म्हणजे पडदा मोकळा करणे. नकाशा, जीवनरेषा, गुण, शस्त्रांची यादी या गोष्टी खेळताना उपयोगी असल्या तरी चित्रात त्या भिंतीवरच्या जाहिरातींसारख्या दिसतात. 'ब्रेथ ऑफ द वाइल्ड' खेळताना प्लस बटणाने मेनू उघडून सिस्टममधील ऑप्शन्समध्ये एचयूडी मोड (पडद्यावरच्या माहितीच्या खुणांची मांडणी) 'प्रो' असा केला, की हृदयांची रांग तेवढी उरते. नकाशा, तापमापक आणि आवाजाची पट्टी निघून जाते. हा बदल मी खेळाच्या पहिल्याच दिवशी करायला सांगेन, कारण ऐनवेळी मेनूत शिरून बदल करेपर्यंत सूर्य मावळलेला असतो. 'सुपर मारिओ ओडिसी'मध्ये बाणांपैकी खालचे बटण दाबले की स्नॅपशॉट मोड उघडतो: खेळ जागच्या जागी थांबतो, कॅमेरा मारिओभोवती फिरवता येतो, जवळ-लांब आणि तिरका करता येतो, रंगछटाही बदलता येतात. मनासारखी चौकट जुळल्यावर शेवटी दाबायचे ते कॅप्चर बटणच. 'ॲनिमल क्रॉसिंग: न्यू होरायझन्स'मध्ये झेडएल बटणाने उघडणाऱ्या फोनमध्ये कॅमेरा आहे, तर 'सुपर स्मॅश ब्रदर्स अल्टिमेट'मध्ये लढत थांबवली की कॅमेरा हलवता येतो. आपल्या खेळात अशी सोय आहे का, हे त्याच्या मेनूत एकदा निवांतपणे शोधून ठेवावे.

आता चित्राच्या दर्जाविषयी. स्क्रीनशॉट पडद्याचा फोटो नसून यंत्राने तयार केलेल्या चित्राची थेट प्रत असते, त्यामुळे पडद्यावरचे ओरखडे, खिडकीचे प्रतिबिंब किंवा कमी केलेला प्रकाश यांचा तिच्यावर परिणाम होत नाही. स्विचच्या ओएलईडी मॉडेलच्या पडद्यावर रंग भडक दिसतात म्हणून साठवलेले चित्रही तसेच असेल, असे समजू नये. ते इतर मॉडेलांवरच्यासारखेच असते. मूळ स्विचवर प्रत्येक स्क्रीनशॉट १२८० × ७२० बिंदूंची (पिक्सेलची) जेपेग फाइल असते, मग खेळ हातात चालू असो किंवा डॉकमार्फत (यंत्र टीव्हीला जोडणाऱ्या बैठकीमार्फत) टीव्हीवर १०८० पी मध्ये. तरीही डॉकमध्ये बसवून घेतलेले चित्र अनेक खेळांत थोडे रेखीव येते, कारण हातात खेळताना बॅटरी आणि उष्णता सांभाळण्यासाठी खेळ स्वतःच कमी बिंदूंत चित्र रंगवून मग ते ताणतात. डॉकमध्ये ते अधिक बिंदूंत रंगवले जाऊन आकसते. छपाईचा विचार असेल तर ३०० डीपीआयच्या (दर इंचाला ३०० बिंदूंच्या) हिशेबाने या फाइलचा छाप सुमारे सव्वाचार इंच रुंद आणि २.४ इंच उंच एवढाच नीट निघेल. पोस्टकार्डापुरते ते ठीक आहे, भिंतीवरच्या पोस्टरला पुरणार नाही.

घेतलेली चित्रे पाहण्यासाठी होम मेनूच्या खालच्या ओळीतील 'अल्बम' उघडावे. तेथे 'ए' बटणाने शेअरिंग अँड एडिटिंग हा मेनू येतो, ज्यातून चित्रावर मजकूर लिहिता येतो, तसेच व्हिडिओचे पुढचे-मागचे टोक कापता येते. यंत्राच्या अंतर्गत मेमरीत १,००० स्क्रीनशॉट आणि १०० व्हिडिओ मावतात. मायक्रोएसडी कार्डावर ही मर्यादा १०,००० आणि १,००० अशी आहे. नवी चित्रे थेट कार्डावर जावीत असे वाटत असेल तर सिस्टम सेटिंग्जमधील डेटा मॅनेजमेंट आणि त्यातील मॅनेज स्क्रीनशॉट्स अँड व्हिडिओज येथे साठवण्याची जागा बदलता येते. यंत्राचे घड्याळही तपासावे, कारण फाइलचे नाव त्याच घड्याळातील तारीख-वेळेवरून पडते. 'ॲनिमल क्रॉसिंग'मध्ये लवकर दुसरा दिवस उजाडावा म्हणून घड्याळ पुढे ढकलणारे बरेच जण असतात. त्यांच्या अल्बममध्ये दिवाळीची चित्रे गणपतीच्या आधी लागलेली दिसतात.

अल्बममधून चित्र फोनवर नेण्याची सोय ११.०.० या अपडेटने, म्हणजे २०२० च्या अखेरीस आली. शेअरिंग अँड एडिटिंगमध्ये 'सेंड टू स्मार्टफोन' निवडावे. एकाच वेळी १० स्क्रीनशॉट किंवा एक व्हिडिओ पाठवता येतो. पडद्यावर आधी एक क्यूआर कोड येतो. तो फोनने वाचला की फोन स्विचच्या स्वतःच्या वायफायला जोडला जातो. जोडणी झाल्यावर दुसरा कोड येतो व त्याने फोनच्या ब्राउझरमध्ये चित्रांचे पान उघडते. तेथे प्रत्येक चित्रावर बोट दाबून धरून ते साठवायचे. बहुतेकांचे घोडे या दोन कोडांच्या मध्ये अडते. स्विचच्या वायफायला इंटरनेट नसते, त्यामुळे अँड्रॉइड फोन आपणहून मोबाइल डेटाकडे वळतो आणि पान उघडत नाही. मोबाइल डेटा दोन मिनिटे बंद ठेवावा, 'इंटरनेट नाही, तरी जोडलेले राहायचे का' असे फोनने विचारल्यास होकार द्यावा आणि मग दुसरा कोड वाचावा. पुढे हे चित्र व्हॉट्सॲपवर पाठवायचे असेल तर ते फोटो म्हणून न पाठवता डॉक्युमेंट म्हणून पाठवावे. आधीच दाबून लहान केलेली जेपेग फाइल पुन्हा दाबली गेली की आकाशातल्या सौम्य छटांचे पट्टे पडतात. स्विचवरून थेट ट्विटरवर, म्हणजे आताच्या एक्सवर, टाकण्याची सोय १० जून २०२४ पासून बंद झाली आहे, त्यामुळे जुन्या मार्गदर्शिकांतील तो भाग सोडून द्यावा.

चित्रे पुष्कळ असतील तर फोनचा मार्ग कंटाळवाणा होतो. त्यापेक्षा मॅनेज स्क्रीनशॉट्स अँड व्हिडिओजमधील 'कॉपी टू अ कॉम्प्युटर व्हाया यूएसबी कनेक्शन' निवडून यंत्र तारेने थेट संगणकाला जोडावे. विंडोजमध्ये ते एखाद्या फोनसारखे दिसते आणि आत खेळांच्या नावांचे फोल्डर असतात. मॅकला ही पद्धत स्वतःहून समजत नाही, त्यासाठी वेगळा प्रोग्रॅम लागतो. काहीच दिसत नसेल तर आधी तार बदलून पाहावी, कारण चार्जरसोबत मिळणाऱ्या अनेक तारा केवळ वीज वाहतात. तिसरा मार्ग यंत्र पूर्ण बंद करून कार्ड बाहेर काढण्याचा आणि कार्डरीडरने वाचण्याचा. खेळांच्या फाइली कुलूपबंद असल्या तरी 'निन्टेन्डो' फोल्डरमधील 'अल्बम' उघडे असते आणि त्यात वर्ष, महिना, दिवस अशी उतरंड असते.

या उतरंडीची नक्कल महिन्यातून एकदा संगणकावर करून ठेवावी, असे मी आग्रहाने सांगतो. एका दुकानातून स्वस्तात घेतलेले माझे कार्ड बनावट निघाले. त्यावर लिहिलेल्या क्षमतेचा काही भागच खरा होता. यंत्राने कधी तक्रार केली नाही, अल्बममध्ये छोटी चित्रे दिसत राहिली, आणि एके रात्री मोठी करून पाहू लागलो तर अर्ध्याहून अधिक फाइली रिकाम्या. निन्टेन्डोच्या सशुल्क ऑनलाइन सेवेतील क्लाउड बॅकअप खेळाची प्रगती जपतो, स्क्रीनशॉट जपत नाही. नवे कार्ड आणल्यावर ते भरेपर्यंत लिहून पुन्हा वाचणाऱ्या एखाद्या प्रोग्रॅमने तपासावे आणि मगच यंत्रात घालावे.

५ जून २०२५ रोजी आलेल्या स्विच २ वर बटण आणि अल्बम ओळखीचेच आहेत, पडदा ७.९ इंचांचा आणि १०८० पी आहे, तसेच फोनवरील निन्टेन्डोच्या ॲपमध्ये चित्रे पाठवता येत असल्याने क्यूआर कोडांची कसरत टळते. खेळ साठवायला त्याला मायक्रोएसडी एक्सप्रेस जातीचेच कार्ड लागते. जुन्या स्विचचे साधे कार्ड त्यात घातले तर त्यावरील स्क्रीनशॉट आणि व्हिडिओ तेवढे पाहता व उतरवून घेता येतात. जुना अल्बम नव्या यंत्रावर आणण्यासाठी तेवढे पुरेसे आहे.

ज्यांच्याकडे स्विचऐवजी स्टीम डेक हे हातात धरायचे यंत्र आहे त्यांनी स्टीम बटण धरून आर१ दाबावे; चित्रे स्टीम मेनूतील मीडिया विभागात मिळतात. पीएस व्हिटा या सोनीच्या यंत्रावर पीएस आणि स्टार्ट ही दोन बटणे एकत्र दाबावीत. त्याआधीच्या गेम बॉय ॲडव्हान्ससारख्या यंत्रांत स्क्रीनशॉटची कल्पनाच नव्हती, तेव्हा पडद्याचा फोटो काढण्यावाचून इलाज नाही. २००१ च्या मूळ गेम बॉय ॲडव्हान्सला पडद्यामागे दिवाही नाही. तो खिडकीजवळ, पण थेट उन्हात न येईल असा, पुस्तकावर किंचित तिरका टेकवावा, स्वतः गडद रंगाचा शर्ट घालावा म्हणजे पडद्यात आपलेच प्रतिबिंब उमटणार नाही, फोन थोडा लांब धरून दुप्पट झूम करावे आणि बोटाने पडद्यावर फोकस धरून ठेवून मगच खेळ सुरू करावा.