विसार दिलेल्या जमिनीचा दावा तडजोडीने मिटवला

साठेखत (जमीन विकण्याचा करार) झालं, विसार (आगाऊ रक्कम) दिला, पण खरेदीखत अडलं. दावा चालू असतानाच दिवाणी कोर्टात तडजोड पुरसीस (कोर्टाला दिलेलं लेखी निवेदन) दिली. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम ३ प्रमाणे ती लेखी आणि पक्षकारांच्या सह्यांची लागते. सहहिस्सेदार बहिणीची सही राहिली तर पुढे नवा वाद ठरलेलाच! मजकुरात गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा, उरलेली रक्कम आणि खरेदीखताची तारीख घाला. ‘मुदतीत न दिल्यास कोर्टामार्फत खरेदीखत करून घ्यावे’ हे वाक्य हवंच, म्हणजे दरखास्तीत (निकालाच्या अंमलबजावणीच्या अर्जात) फाटे फुटत नाहीत. दाव्याबाहेरचा गट तडजोडीत घेतला तर १९०८ च्या नोंदणी कायद्याप्रमाणे तडजोडीवरचा कोर्टाचा हुकूमनामाही नोंदवावा लागतो. आम्ही तसा गट वगळला. नंतर मुद्रांक भरून खरेदीखत नोंदवलं आणि सूची दोन (नोंदणीचा उतारा) जोडून तलाठ्याकडे फेरफाराचा अर्ज दिला.