शुक्रवार, रात्री ९:२१

माद्रिदला पटकथालेखन शिकायला आले तेव्हा पहिल्याच सत्रात काम मिळालं: नॉर्वेच्या 'स्काम' या शाळकरी मुलामुलींच्या मालिकेतला एक प्रसंग स्पॅनिश करून आणा. मालिकेची स्पॅनिश आवृत्ती आधीच झालेली आहे (२०१८ ते २०२०, मोविस्तार प्लुस वाहिनीवर), पण ती इतक्यात बघायची नाही, अशी ताकीद. मी ऑस्लोचं माद्रिद केलं, नावं बदलली आणि निवांत झोपले.

मूळ मालिकेत प्रसंगावर वार आणि वेळ मोठ्या पिवळ्या अक्षरांत उमटते. २०१५ पासून एनआरके, म्हणजे नॉर्वेचं सरकारी प्रसारण, त्या क्लिपा खरोखर त्याच वेळी संकेतस्थळावर टाकायचं. मी शुक्रवारी रात्री ९:२१ ला पार्टी अगदी रंगात आणली होती. बाईंनी त्या आकड्याभोवती गोल केला. "ही मुलं जेवून आली का?" त्या वेळेला इथल्या घरांत जेमतेम ताटं मांडली जातात.

पुढचा घोळ खास आपला. माझ्या नायिकेने शिक्षकाला 'उस्तेद', म्हणजे आपलं 'तुम्ही', म्हटलं होतं. वर्ग हसला. इथली पोरं शिक्षकाला सर्रास नावाने हाक मारतात, 'तू' म्हणतात. माझ्या तोंडून मात्र 'बाई' अजून सुटत नाही.

खरी कसोटी बसची. नॉर्वेत शाळेच्या शेवटच्या वर्षाची मुलं लाल ओव्हरऑल घालून, बस सजवून १७ मेपर्यंत धिंगाणा घालतात. त्या बससाठीच कथेतल्या पाच जणी एकत्र येतात. स्पेनमध्ये असली बस नाही, आणि बस काढली की मैत्रीचं कारणच जातं. मी तिथे वर्षअखेरच्या सहलीची वर्गणी घातली. वर्गणीवरून माणसं कशी रुसतात, हे गिरगावातल्या मुलीला शिकवावं लागत नाही.

नव्याने येणाऱ्यांनी शाळेचा हिशेबही आधी मांडावा: तिकडे उच्च माध्यमिक तीन वर्षांचं, इथे 'बाचियेरातो' दोनच वर्षांचं. तिकडच्या पाच जणींतली नूरा शाळेत असतानाच मोठ्यांबरोबर फ्लॅटमध्ये राहते. इथे मुलं सरासरी तिशीपर्यंत आईवडिलांकडे. घर रिकामं मिळणार कसं? म्हणून सगळं बागेत घडतं.

काम जमा केल्यावर स्पॅनिश मालिका पाहिली आणि माझी भीड चेपली. मूळची इसाक-एव्हन या दोन मुलांची प्रेमकथा त्यांनी दुसऱ्याच सीझनला क्रिस आणि जोआना या दोन मुलींना देऊन टाकली होती. आणि क्रिस म्हणजे टोळीतली सगळ्यात हसरी, वेंधळी मुलगी. मी घड्याळाचे काटे फिरवायलाही बिचकत होते!

दुसरा मसुदा: शनिवार, ००:४०, बागेतला बाक, बाटल्या, व्हॉइस नोटा. शेजारी बसणाऱ्या माद्रिदच्या मुलाने वाचून एकच विचारलं, "पिपास कुठे आहेत?" सूर्यफुलाच्या खारवलेल्या बिया. बाकाखाली टरफलांचा सडा घातला आणि पान पुढे दिलं.