ऑटोमन शिक्षणसुधारणांवर लिहिताय? या चुका टाळा

ऑटोमन साम्राज्याच्या शेवटच्या शतकावर मराठीत लिहिणारे वाढले आहेत, याचा मला मनापासून आनंद आहे. एम.ए.चे शोधनिबंध, स्पर्धा परीक्षेच्या नोट्स, दिवाळी अंकांतले लेख असे बरेच काही माझ्याकडे तपासायला येते. पण चुका त्याच त्या. वाचून वाचून कंटाळा आला आहे, म्हणून एकदाच सगळ्या लिहून टाकते.

कायदा झाला म्हणजे शाळा उघडली, असे धरू नका

ही सगळ्यांत मोठी चूक. १८६९ चा सार्वजनिक शिक्षणाचा कायदा १९८ कलमांचा आहे आणि कागदावर तो फार देखणा आहे. प्रत्येक गावात किंवा मोहल्ल्यात निदान एक प्राथमिक शाळा. मुली सहा ते दहा आणि मुलगे सात ते अकरा या वयात सक्तीने शाळेत. पाचशे घरांवर वस्ती असेल तिथे रुश्दिये (प्राथमिकच्या पुढची शाळा), हजारावर असेल तिथे इदादी (त्यावरची माध्यमिक शाळा), प्रांताच्या राजधानीत सुलतानी (उच्च माध्यमिक शाळा) आणि सगळ्यांच्या वर इस्तंबूलचे दारुल्फुनून, म्हणजे विद्यापीठ. फ्रेंच व्यवस्थेची छाप उघड दिसते. विद्यार्थी हे वाचतो आणि लिहितो, ‘१८६९ पासून साम्राज्यात सक्तीचे शिक्षण सुरू झाले.’

कुठे सुरू झाले? पैसा कोणी दिला? प्राथमिक शाळेचा खर्च त्याच कायद्याने गावकऱ्यांच्या गळ्यात घातला होता. १८७५ मध्ये सरकारला कर्जाचे व्याज देता येईना, तिजोरीचे दिवाळे वाजले. १८७७ मध्ये रशियाशी युद्ध जुंपले, बाल्कनमधले प्रांत हातचे गेले आणि निर्वासितांचे लोंढे इस्तंबूलकडे आले. अशा वेळी हजार घरांच्या गावात इदादी कोण बांधणार? १८८४ मध्ये शेतीच्या दशमांश करात शिक्षणासाठी वाढीव हिस्सा बसवला गेला, तेव्हा कुठे नियमित पैसा येऊ लागला आणि प्रांतोप्रांती इदादींच्या इमारती उभ्या राहिल्या. कायदा आणि पैसा यांच्यात पंधरा वर्षांचे अंतर आहे. ते अंतर न दाखवणारा लेख मी परत पाठवते.

आणखी एक गोष्ट यातूनच कळते. ज्या सुलतान अब्दुलहमीद दुसरा (१८७६–१९०९) याला आपण एका शब्दात प्रतिगामी ठरवून मोकळे होतो, त्याच्याच कारकिर्दीत या शाळा सर्वाधिक वाढल्या. सेन्सॉरशिप त्याची आणि शाळाही त्याच्याच. दोन्ही एकत्र सांगता आले पाहिजे.

माझी सवय साधी आहे. पान उभे आखून चार रकाने करते: कायदा, पैसा, इमारत, शिक्षक. चौथा रकाना बहुतेक वेळा रिकामा राहतो. शिक्षक घडवणारे दारुल्मुअल्लिमीन १८४८ मध्ये निघाले आणि शिक्षिकांसाठीची संस्था १८७० मध्ये. दोन्ही इस्तंबुलात. अनातोलियातल्या खेड्यात तेव्हा शिकवत कोण होते, तर मशिदीचा इमाम. रकाना रिकामा असेल तर वाक्यही लिहायचे नाही.

हिजरी आणि रूमी सनांची गल्लत

ऑटोमन कागदांवर दोन सन चालतात. धार्मिक आणि बऱ्याच सरकारी मजकुरात चांद्र हिजरी. जमाखर्च आणि कारभारात मार्चपासून सुरू होणारा सौर रूमी. दोन्हींचे आकडे जवळजवळ सारखे दिसतात आणि इथेच माणूस फसतो.

एका अभ्यासकाचे प्रकरण माझ्याकडे आले होते. मेहनत चांगली, भाषा सुरेख. मुख्य मुद्दा असा, की १८७६ च्या राज्यघटनेतले १८ वे कलम, म्हणजे सरकारी नोकरीसाठी तुर्की येणे आवश्यक ही अट, रशियाशी युद्ध पेटलेले असताना घाबरून घातली गेली. पुरावा काय? घटना १२९३ सालची. आणि युद्ध कधीचे, तर तुर्क लोक त्याला ‘९३ चे युद्ध’च म्हणतात, म्हणजे तेही १२९३ चे. त्याने दोन्ही आकडे इंटरनेटवरच्या एकाच हिजरी कन्व्हर्टरमध्ये टाकले आणि युद्धाचा एप्रिल महिना घटनेच्या डिसेंबरआधी नेऊन बसवला.

खरा क्रम उलटा आहे. घटनेचे १२९३ हिजरी: ती जाहीर झाली २३ डिसेंबर १८७६ ला. युद्धाचे १२९३ रूमी: रशियाने युद्ध पुकारले २४ एप्रिल १८७७ ला. घटना आधी, रशियाशी युद्ध चार महिन्यांनी. सर्बियाशी लढाई १८७६ मध्ये झाली होती हे खरे, आणि दडपणही होते, पण ते वेगळे. घटना जाहीर झाली त्याच दिवशी इस्तंबुलात युरोपीय सत्तांची परिषद भरली होती आणि बाल्कन प्रांतांच्या सुधारणा बाहेरून लादल्या जाणार होत्या. म्हणजे प्रकरणाचा कणाच चुकीच्या तारखेवर उभा होता. सादर करायला आठवडा उरला असताना सगळे नव्याने लिहावे लागले. त्या मुलाचा चेहरा आठवला की अजून वाईट वाटते, कारण सनांचा मेळ दाखवणारी जंत्री उघडली असती तर पाच मिनिटांचे काम होते.

मार्च ते डिसेंबरच्या तारखेला रूमी सनात ५८४ मिळवा, इसवी सन मिळेल. हिजरीला असा ठरावीक फरक नाही, तिथे जंत्रीच हवी. जुन्या मराठी कागदांतल्या शुहूर आणि फसली सनांशी रोज झगडणारी आपली मोडी वाचणारी मंडळी कोणता सन आहे ते ठरवल्याशिवाय तारीख छापत नाहीत. तीच शिस्त इथे लागते. घाई असेल तर हा विषय घेऊ नका.

सरकारी शाळा म्हणजेच सगळ्या शाळा नव्हेत

साम्राज्य बहुवांशिक होते असे पहिल्या परिच्छेदात लिहायचे आणि पुढे फक्त शिक्षण मंत्रालयाच्या शाळा मोजायच्या, हे चालणार नाही. ग्रीक आणि आर्मेनियन समाजांच्या स्वतःच्या शाळा होत्या. आर्मेनियन समाजाला १८६३ मध्ये अंतर्गत कारभाराची नियमावली मिळाली, तिच्यात शिक्षणाची व्यवस्थाही होती. ज्यू मुलांसाठी पॅरिसच्या आलियान्स संस्थेने फ्रेंच माध्यमाच्या शाळा काढल्या. अमेरिकन मिशनऱ्यांचे बैरुतचे कॉलेज १८६६ चे. १८६९ च्या कायद्याच्या १२९ व्या कलमाने अशा शाळांचे शिक्षक, अभ्यासक्रम आणि पुस्तके मंत्रालयाच्या मंजुरीखाली आणली, पण ते अमलात आणायला निरीक्षकच पुरेसे नव्हते.

एक उदाहरण जवळून बघा. अल्बेनियन मुसलमानाचा मुलगा सरकारी तुर्की शाळेत जाई आणि शेजारच्या ऑर्थोडॉक्स अल्बेनियनाचा मुलगा ग्रीक शाळेत. घरी दोघेही अल्बेनियन बोलत, पण त्या भाषेत शिकवणारी शाळा कोर्चा गावात निघाली ती १८८७ मध्ये. भाषेपेक्षा धर्मावरून माणसे मोजणारी व्यवस्था कशी चालत होती, ते या दोन मुलांच्या दप्तरांवरून कळते.

बाकीच्या, थोडक्यात

मेकॉलेशी तुलना करू नका. ऑटोमन साम्राज्यात परके राज्यकर्ते नव्हते, सुधारणा करणारे इस्तंबूलचेच पाशा होते.

‘शिक्षण धर्मनिरपेक्ष झाले’ असे लिहू नका. सरकारी प्राथमिक शाळेत कुराण आणि धर्माचे पाठ कायम होते आणि दारुल्मुअल्लिमीनची घडी बसवणारा अहमद जेवदेत हा स्वतः मदरशात शिकलेला आलिम, म्हणजे धर्मपंडित.

दारुल्फुनूनचे एकच स्थापना वर्ष देऊ नका. १८६३ ची व्याख्याने, १८७० चे उद्घाटन आणि १९०० ची पुनर्स्थापना या तीन वेगळ्या गोष्टी आहेत.

इस्तंबूलच्या गलातासराय या फ्रेंच माध्यमाच्या सरकारी शाळेत (१८६८) सगळ्या समाजांची मुले शेजारी बसली, एवढे सांगून थांबू नका. पोपने कॅथलिकांना मनाई केली होती, ग्रीकांना ग्रीक भाषेला जागा नसल्याचा राग होता आणि मुसलमान पालकांना ती फार फ्रेंच वाटत होती. हे आक्षेप सांगितल्याशिवाय तो प्रयोग कळत नाही.

आणि अब्दुलहमीदच्या एकाधिकाराविरुद्ध उभ्या राहिलेल्या चळवळीच्या ‘तरुण तुर्क’ या नावावरून ती सगळी तुर्क मुले होती असे समजू नका. १८८९ मध्ये सरकारी लष्करी वैद्यकीय शाळेत गुप्त संघटना काढणाऱ्यांत इब्राहिम तेमो अल्बेनियन होता, अब्दुल्ला जेवदेत आणि इसहाक सुकूती कुर्द होते, मेहमेद रेशीद सर्केशियन होता.